आतल्या भिंतीतली खिडकी

३ नोव्हेंबर

प्रिय मुंगे,

ओट्याची उंची किती ठेवू?

एवढंच विचारायला पत्र लिहिते आहे. फोन करून पाहिला. दोनदा तू "हॅलो" म्हणालीस, मी "मी बोलतेय" म्हटलं आणि फोन बंद. तिसऱ्यांदा करायला माझाच मान आडवा आला. पत्राचं बरं असतं, ते मधेच बंद करता येत नाही. फाडता येतं, पण फाडायच्या आधी माणूस दोन ओळी वाचतोच. म्हणून पहिल्याच ओळीत विचारून टाकलं.

मी घर बांधते आहे. हसू नकोस. बासष्टाव्या वर्षी लोक पसारा आवरायला घेतात आणि मी मांडायला घेतला आहे. जागा लहानच आहे, हॉस्पिटलपासून बसने अर्ध्या तासावर, उताराच्या रस्त्यावरची शेवटची. पलीकडे लाकडाची वखार आहे. दिवसभर करवत किंचाळते आणि बरोबर पाचला गप्प होते. मधे एक मोठी खोली, तिच्या दोन बाजूंना दोन लहान, स्वयंपाकघर, आणि मागे धुणं वाळत घालण्यापुरतं अंगण. निवृत्तीच्या वेळी हातात आलं ते सगळं यात घातलं. आता मागे फिरायची सोय नाही, ते एक बरं झालं.

क्वार्टरमधली माझी खोली तुला आठवत असेल, चौदा नंबर. चौतीस वर्षं काढली तिथे. खाट हॉस्पिटलची, कपाट हॉस्पिटलचं, दोन्हीवर पांढऱ्या रंगात आकडे. भिंतीला खिळा ठोकायचा नाही असा नियम होता, आणि नियम म्हटल्यावर मी कसली ठोकतेय! कॅलेंडरसुद्धा टेबलावर आडवं ठेवायचे. तू एकदा आली होतीस तेव्हा म्हणाली होतीस, "ताई, तू इथे राहतेस की अॅडमिट आहेस?" तेव्हा हसले होते मी.

तर ओटा. आमचे मिस्त्री म्हणतात, ओटा कोणाच्या मापाचा ते आधी सांगा. जी बाई उभी राहून स्वयंपाक करणार तिच्या कोपराखाली चार बोटं, असा त्यांचा हिशेब. मी म्हटलं, मला स्वयंपाक येत नाही, जन्मभर मेसमध्ये जेवले. ते म्हणाले, "मग ओटा कशाला? टेबल टाका आणि डबा लावा." त्यांचा तो सूर ऐकून मला चीड आली आणि तोंडातून निघून गेलं, "माझी बहीण करेल." ते म्हणाले, "मग बहिणीला विचारा."

म्हणून विचारते आहे. कोपरापासून जमिनीपर्यंत माप घे. चपला काढून घे.

तुझी मोठी बहीण

ता. क. पत्ता तुझ्या मुलाकडून घेतला. त्याला बोलू नकोस, मी दम दिला म्हणून दिला त्याने.


२४ नोव्हेंबर

प्रिय मुंगे,

उत्तर आलं नाही. येईल असं वाटलंही नव्हतं, तरी पोस्टमनच्या वाटेकडे डोळे लावून बसते. नवीन जागेला अजून नंबर मिळालेला नाही, त्यामुळे तो पत्रं वखारीत टाकतो आणि मला रोज तिथे जाऊन विचारावं लागतं. वखारवाला आता मी दिसले की लांबूनच मान हलवतो.

काम जोरात आहे. पाया भरून जोतं वर आलं, भिंती कमरेपर्यंत आल्या. ज्या दिवशी जमिनीवर पांढऱ्या फक्कीने खोल्या आखल्या त्या दिवशी मी त्या रेघांमधून चालत होते, तर मिस्त्री ओरडले, "सिस्टर, भिंतीतून चालू नका! दारातून या!" मी खरोखर मागे वळून दारातून आत आले. दुसरं कोणी बघत नव्हतं म्हणून बरं.

हो, इथेही मी सिस्टरच आहे. वखारवाला, वाळूवाला, सगळे सिस्टर म्हणतात. जिची मी खरी सिस्टर ती मात्र फोन ठेवून देते.

मिस्त्री साठीला आलेले आहेत. प्रत्येक वीट लावायच्या आधी थापीने टकटक करून ऐकतात. कामाचा माणूस, पण माझ्या नकाशावर त्यांचा भारी राग. नकाशा मीच काढला आहे, वॉर्डात टेंपरेचर लिहायचे ते चौकटीचे कागद उरले होते त्यावर. ते म्हणाले, "हे घर आहे की ताप?" शिवाय भिंतींना पाणी मारायच्या वेळा मी एका तक्त्यावर लिहून दारापाशी अडकवल्या आहेत. सहा, दहा, दोन, सहा. पाणी मारलं की सही करायची. पहिल्या दिवशी त्यांनी चारही सह्या सकाळीच करून ठेवल्या. माझ्या हाताखाली अशा दोन नर्सेस होत्या, त्यामुळे मी लगेच पकडलं.

आमची मोठी लढाई चालू आहे ती एका खिडकीवरून. दोन्ही लहान खोल्यांच्या आतल्या भिंतीत, म्हणजे मधल्या खोलीच्या बाजूला, मी एकेक खिडकी दाखवली आहे. मिस्त्री म्हणतात, "आतून आत खिडकी? वारा कुठून यायचा, स्वयंपाकघरातून?" मी म्हटलं, नकाशात आहे तसं करा. खिडकी जमिनीपासून अडीच फुटांवर हवी, म्हणजे खाटेवरचं माणूस दिसतं. त्यांनी कपाळाला हात लावला. लावू देत.

तू मला हॉस्पिटलच्या गेटपाशी जे बोललीस ते मी विसरलेले नाही. अकरा वर्षं झाली. "तुला स्वतःचं घर नाही म्हणून तू कोणालाच घरी जाऊ देत नाहीस." आईला जाऊन तास झाला नव्हता आणि तू हे सगळ्यांच्या देखत बोललीस. आईला घरी नेता आलं नाही याचं मला दुःख नाही असं तुला वाटतं का? डॉक्टरांनी परवानगी दिली नाही. तेव्हाही सांगितलं होतं, आजही सांगते.

असो. यासाठी पत्र लिहायला घेतलं नव्हतं. ओट्याचं कळव. भिंत वर येते आहे, मिस्त्री फार दिवस थांबायचे नाहीत.

ताई


१३ डिसेंबर

मुंगे, अगं मुंगे,

कार्ड मिळालं!

वखारवाला आज स्वतः रस्ता ओलांडून आला, कार्ड हातात धरून. उघडं कार्ड, म्हणजे त्याने वाचलेलं असणारच, कारण आल्या आल्या म्हणाला, "चौतीस इंच, सिस्टर." मी त्याच्यावर रागावायला हवं होतं. मी त्याला चहा पाजला.

तुझ्या तीन ओळी मला पाठ झाल्या आहेत. "चौतीस इंच. गुडघे दुखतात, फार वेळ उभं राहवत नाही. खाली स्टूल सरकेल एवढी पोकळी ठेव." ना 'प्रिय', ना 'ताई', ना सही. तरी अक्षर तुझंच, तो 'ठ' अजून वेडावाकडाच काढतेस.

पोकळी ठेवली आहे. मिस्त्रींना कार्ड दाखवलं तर त्यांनी चष्मा लावून दोनदा वाचलं आणि म्हणाले, "बाईला कळतं." माझ्याबद्दल त्यांनी असं अजून एकदाही म्हटलेलं नाही. मग स्वतःच्या गुडघ्यांवर हात मारून म्हणाले, स्टूल पाठ टेकता येईल असं करून घ्या, वखारीत मिळेल. तेही सांगून ठेवलं.

आता मनातलं लिहून टाकते. मागच्या अंगणाकडची खोली तुझी आहे. सकाळचं ऊन येतं, शिवणाच्या मशीनला खिडकीखाली जागा आहे, आणि घरात एकही पायरी नाही. तुझा मुलगा सांगत होता, त्याची बदली होणार आहे, तिकडची जागा दोनच खोल्यांची आहे, आणि तू म्हणतेस मी कुठेही राहीन. कुठेही म्हणजे कुठे? इथे राहा. मी तुझ्या मुलाला अवाक्षर बोललेले नाही. तू हो म्हणालीस तर सांगू, नाही म्हणालीस तर मी ही खोली कपडे इस्त्री करायला वापरेन. पण मला एवढ्या इस्त्रीचे कपडेच नाहीत.

आणि ती आतली खिडकी, तिचं कारण आता तुला कळलं असेल. तू पडलीस-बिडलीस, तुला काही झालं, तर मला मधल्या खोलीतून दिसायला हवं. मिस्त्रींना कोण सांगणार!

तुझी ताई


११ जानेवारी

प्रिय मुंगे,

तुझं मोठं पत्र पोचलं. चार पानं! मी ते वाळूच्या ढिगावर बसून वाचलं आणि उठले तेव्हा पाठीमागून सगळी वाळू. मिस्त्रींनी केरसुणी पुढे केली.

फेब्रुवारीच्या शेवटी मुलाबरोबर घर बघायला येतेस हे वाचून माझा जीव भांड्यात पडला. आधी बघीन, मग ठरवीन, म्हणतेस, तेही बरोबर आहे. कोणीही आधी बघतंच. तुझी मशीन विकायची नाही हे ठरलं ते उत्तम.

स्लॅब एक तारखेलाच पडला. सकाळी सातला सुरू केला तो दुपारी चारला संपला, मधे कोणी बसलं नाही. आता वर मातीचे छोटे छोटे बांध घालून पाणी साठवून ठेवलं आहे. एकवीस दिवस तसंच ठेवायचं. मी शिडीवरून चढून बघते. चिमण्या येतात पाणी प्यायला. मिस्त्रींनी शिडी चढायची नाही असं बजावलं आहे, म्हणून ते जेवायला बसले की चढते.

तू शेवटच्या पानावर लिहिलं आहेस, "डॉक्टरांनीच नाही म्हटलं त्याला ताई काय करणार, अशी मी आता मनाची समजूत घातली आहे. झालं ते झालं." वाचलं मी ते. बरं वाटलं. त्याबद्दल सावकाश लिहीन.

फरशी कोणत्या रंगाची घालू ते कळव. मला पांढऱ्याचा कंटाळा आला आहे.

ताई


२३ जानेवारी

मुंगे,

त्याबद्दल सावकाश लिहीन म्हटलं होतं. बारा दिवस झाले. तीन पत्रं लिहून फाडली. हे फाडायचं नाही असं ठरवून बसले आहे.

आधी काल काय झालं ते सांगते. मधल्या खोलीतले स्लॅबखालचे टेकू काढले. पहिल्यांदाच खोली खोलीसारखी दिसली. मी प्लॅस्टिकची खुर्ची आणून अगदी मधोमध टाकली आणि बसले. बसल्या जागेवरून सगळं दिसत होतं. समोर मुख्य दार, उजवीकडे स्वयंपाकघर आणि तुझा ओटा, डावीकडच्या खिडकीतून माझी खोली, मान वळवली की मागच्या खिडकीतून तुझी खोली थेट भिंतीपर्यंत. बाथरूमचं दारसुद्धा. मला इतकं समाधान वाटलं म्हणून सांगू!

दुपारी मिस्त्री डबा घेऊन तुझ्या खोलीत जेवायला बसले. मग उठून माझ्या खोलीत गेले. मग स्वयंपाकघरात. शेवटी डबा उचलून बाहेर गेले आणि उन्हात वाळूच्या ढिगापाशी बसले. मी म्हटलं, "आत सावली आहे, बाहेर कशाला?"

ते म्हणाले, "सिस्टर, राग मानू नका. तुमच्या घरात घास घशाखाली उतरत नाही. कुठेही बसलं तरी तुम्ही दिसता. आणि मी तुम्हाला दिसतो."

"मग त्यात काय झालं?"

"काही नाही झालं. पण घर म्हटलं की रुसून बसायला एक कोपरा लागतो. आम्ही भांडलो की बायको कोठीच्या खोलीत जाते, मी मागच्या पायरीवर. तुमच्यात जायचं कुठे?"

मी पुन्हा त्या खुर्चीवर जाऊन बसले आणि मग मला दिसलं. मुंगे, मी वॉर्ड बांधला आहे. खुर्ची जिथे टाकली तिथे माझं ड्यूटीचं टेबल असायचं. चौतीस वर्षं मी त्या टेबलावरून वीस खाटा एका नजरेत बघितल्या. आता आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचं घर काढायला कागद घेतला, तर हात आपोआप तेच काढत गेला. नकाशा काढताना मला एकदाही कळलं नाही. आणि तुला मी ज्या खोलीत राहायला बोलावते आहे ती खोली नाही, खाट आहे.

म्हणून आता खरं सांगते. डॉक्टरांनी नाही म्हटलं नव्हतं.

आईला वॉर्डात अकरावा दिवस होता. सकाळी तिने माझं मनगट धरलं आणि म्हणाली, "मला घरी ने." घर म्हणजे तुझं, तिसऱ्या मजल्यावरचं. अकराच्या सुमारास डॉक्टरांनी मला खोलीत बोलावलं. म्हणाले, "इथे ठेवून आता फार काही होणार नाही, एक-दोन दिवसांचा प्रश्न आहे. घरी न्यायचं असेल तर मी कागद करून देतो. तुम्ही बहिणी मिळून ठरवा." मी म्हटलं, "विचारून सांगते." ते खालच्या मजल्यावर पेशंट बघायला गेले, मी थोडा वेळ आईपाशी थांबले आणि बाहेर आले. तू भिंतीला टेकून उभी होतीस, खाली गेटपाशी तू बोलावलेली गाडी उभी होती, मागे गादी घातलेली. तू विचारलंस, "काय म्हणाले?"

मी म्हटलं, "नाही म्हणाले."

दोन शब्द. तू वळून जिना उतरलीस. डॉक्टर वर आल्यावर मी त्यांना सांगितलं, घरचे म्हणतात इथेच राहू दे. दुसऱ्या दिवशी दुपारी चारला आई गेली. सहा नंबरच्या खाटेवर, निळ्या पडद्याआड. मी ड्यूटीवर होते, युनिफॉर्ममध्ये.

नंतर मी स्वतःला सांगितलं, तीन जिने, ऑक्सिजनची नळी, तुझ्या घरी धड उशा नाहीत. सगळं खरं आहे आणि यातलं एकही कारण नाही. कारण असं आहे की तुझ्या घरी ती तुझी झाली असती. तिला तिथले डबे माहीत होते, तुझ्या मशीनचा आवाज माहीत होता. मी हातात चहाचा कप घेऊन पाहुणीसारखी खुर्चीवर बसले असते आणि जायची वेळ झाली की निघाले असते. वॉर्डात ती माझी होती. तिला कुशीवर वळवायचं कसं, केस ओढू न देता विंचरायचे कसे, ते मला येत होतं. मी आले की सगळे बाजूला व्हायचे. तिला द्यायला माझ्याकडे घर नव्हतं, वॉर्ड होता. तो मी दिला आणि तिने मागितलं ते दिलं नाही.

तू गेटपाशी जे बोललीस ते शब्दाला शब्द खरं होतं. तुला ते ठाऊक नव्हतं एवढंच. अकरा वर्षं मी तुझ्यावर रुसून राहिले, कारण तू खरं बोललीस.

तुझं ते 'झालं ते झालं' वाक्य मला पदरात पाडून घेता आलं असतं. तू आली असतीस, ओट्यापाशी स्टुलावर बसली असतीस, आपण दोघी म्हाताऱ्या झालो असतो, आणि रोज तू वाढलेलं ताट पुढे घेताना मला ते वाक्य आठवलं असतं. तसं नको. तू यावंस याच्याइतकं मला आज दुसरं काहीही नको आहे. पण फसवून नको.

हे वाचून तू येणार नसलीस तर मी समजेन. समजेन म्हणजे रडेन, पण समजेन.

ताई


९ फेब्रुवारी

प्रिय मुंगे,

उत्तर मागत नाही. फक्त कळवते आहे.

दोन्ही आतल्या खिडक्या बुजवून घेतल्या. मिस्त्रींना सांगायला गेले तेव्हा मला वाटलं, आता हे मला ऐकवणार. त्यांनी नुसतं विचारलं, "दोन्ही?" मी म्हटलं, दोन्ही. त्यांनी चौकटी काढल्या, विटा भरल्या, गिलावा केला. एका दिवसात झालं. ओल्या गिलाव्यामुळे तेवढाच चौकोन गडद दिसतो आहे, वाळला की कळणार नाही म्हणतात. तुझ्या खोलीचं दारही फूटभर सरकवलं. आता मधल्या खोलीत कुठेही बसलं तरी तुझ्या खोलीतलं काही दिसत नाही. मी चारही कोपऱ्यांत खुर्ची टाकून बघितलं.

खरं सांगायचं तर पहिले दोन दिवस मला भीती वाटली. भिंतीपलीकडे काय चाललं आहे ते कळत नाही. काहीच चाललेलं नसतं, खोली रिकामी आहे. तरी मी उठून जाऊन बघून येते.

तुझा मुलगा फोनवर म्हणाला, आई चार दिवस कोणाशी बोलत नाही, पत्र उशीखाली ठेवलं आहे. तू त्याला काही सांगितलेलं नाहीस हे मला त्याच्या आवाजावरून कळलं. मीही सांगितलं नाही. मी त्याला म्हटलं, तिच्या गुडघ्यांना शेक दे. दुसरं काय सांगणार?

फरशी राखाडी घातली आहे. पांढरी नाही.

ताई


२६ फेब्रुवारी

मुंगे,

तुझं पत्र काल दुपारी मिळालं. वखारवाल्याने आणून दिलं, या वेळी पाकीट बंद होतं म्हणून त्याचं तोंड पडलं होतं. मी दार लावून वाचलं. माझ्या घराचं दार मी पहिल्यांदाच आतून लावलं.

तुझी वाक्यं मी इथे पुन्हा लिहिते, कारण ती तू खरंच लिहिलीस याची मला खात्री करून घ्यायची आहे.

"ताई, मला माहीत होतं. त्याच दिवशी माहीत होतं. तू नाही म्हणालीस, मी जिना उतरत होते, आणि खालच्या वळणावर डॉक्टर वर येताना भेटले. मला म्हणाले, 'मग, नेताय ना आईंना? गाडी आली का?' मी तशीच उभी राहिले. वर येऊन तुझ्याशी भांडायला हवं होतं. डॉक्टर मजल्यावर पोचायच्या आत मी पोचले असते. पण मला माझे तीन जिने दिसले. तिचा श्वास अडकला तर मी एकटीने काय करायचं, ते दिसलं. मी खाली गेले आणि गाडीवाल्याला परत पाठवलं. आणि ताई, मला हायसं वाटलं. तू खोटं बोललीस म्हणून मला खरं बोलावं लागलं नाही. दुसऱ्या दिवशी गेटपाशी मी तुझ्यावर ओरडले ते त्याचमुळे. तुझ्यावर ओरडणं सोपं होतं. जानेवारीत मी ते समजूत घातल्याचं वाक्य लिहिलं ते मुद्दाम लिहिलं. तू ते घेऊन गप्प बसली असतीस तर मीही जन्मभर गप्प बसले असते. तू गप्प बसली नाहीस. आता मला तोंड दाखवायची लाज वाटते आहे. घर बघायला येऊ की नको ते तूच सांग."

मी हे चार वेळा वाचलं. पहिल्यांदा रडले. दुसऱ्यांदा तुझी कीव आली, गाडीपाशी उभी राहिलेली तू डोळ्यांसमोर आलीस, हातात पिशवी, आत आईची स्वच्छ साडी असणार. तिसऱ्यांदा आईसाठी रडले. तिने आपल्या दोघींना विचारलं आणि आपण दोघींनी तिला नाही म्हटलं, मी तोंडाने, तू पायांनी. याला आता काही औषध नाही. ते तसंच राहणार आहे, आपल्या दोघींकडे.

आणि चौथ्यांदा वाचलं तेव्हा माझ्या डोक्यात तिडीक गेली.

मुंगे, तू जिन्यात होतीस! अकरा वर्षं मला वाटत होतं की त्या इमारतीत खोटं बोलणारी एकटी मीच. कुठल्याही पेशंटच्या लेकीने "घरी नेऊ का?" विचारलं की मी औषधाचा ट्रे दुसरीच्या हातात द्यायचे आणि तिथून निघायचे. निवृत्तीच्या दिवशी सगळ्यांनी माझ्याबद्दल चांगलं चांगलं सांगितलं आणि मला वाटत होतं, कोणीतरी उठून आता सहा नंबरच्या खाटेबद्दल बोलेल. आणि तू हे सगळं ठाऊक असून मला एकटीला त्यात ठेवलंस? माझा फोन ठेवून द्यायचीस? जिन्यातून वर येऊन माझ्या कानाखाली मारली असतीस तर आपण आईला मिळून उचललं तरी असतं!

मला तुझा राग आला आहे. खरा, चांगला, भरभरून राग. इतक्या वर्षांत मला तुझी भीती वाटत होती, लाज वाटत होती, राग कधीच आला नव्हता. मला त्याचा हक्कच नव्हता. काल संध्याकाळपासून मी घरभर फिरते आहे आणि मोठ्याने तुला बोलते आहे. मिस्त्री रंगाचा दुसरा हात द्यायला आले होते, त्यांनी दारातून डोकावलं आणि म्हणाले, उद्या येतो.

येऊ की नको, काय विचारतेस? हे सगळं पत्रात मावणारं नाही. शनिवारी ये. मुलाला म्हणावं गाडीत सामान भरूनच आण. हे दोन दिवसांत संपणारं भांडण नाही.

ताई